हिमनदीसाठी धरलेली जागा

अलास्काला जाऊन हिमनदी न बघता परत आलेला बिबवेवाडीतला मी एकमेव माणूस आहे. (दुसरा कोणी असेल तर त्यानं जरूर भेटावं. चहा माझ्याकडून.) लोक विचारतात, "काय काय पाहिलंत?" मी अस्वल सांगतो, व्हेल सांगतो, पाण्यावर उताणी पडून तरंगणारी पाणमांजरं सांगतो आणि घाईघाईनं विषय बदलतो. कारण हिमनदी राहिली असं म्हटलं की लोक "का?" विचारतात, आणि त्या "का?"चं उत्तर मी स्वतःच आहे.

वास्तविक ही सहल माझी नव्हतीच. ती सुनंदाची, म्हणजे माझ्या बायकोची. सुनंदा सव्वीस वर्षं शाळेत भूगोल शिकवत होती. दरवर्षी हिमनदीचा धडा यायचा, दरवर्षी ती फळ्यावर निळ्या खडूनं हिमनदी काढायची, आणि दरवर्षी मागच्या बाकावरून कोणीतरी विचारायचं, "बाई, तुम्ही पाहिलीय का हो खरी?" ती म्हणायची, "अजून नाही. पण पाहणार आहे." निवृत्त झाली त्या दिवशी घरी येऊन तिनं पर्स खुर्चीवर ठेवली आणि म्हणाली, "अहो, सव्वीस वर्षं पोरांना थाप मारली. आता तरी जाऊ या." माझं स्टेशनरीचं दुकान. हिमनदीशी माझा संबंध काय तो निळे खडू पुरवण्यापुरता. पण तिचा चेहरा बघून मी नाही म्हणू शकलो नाही.

तर आम्ही बारा पुणेकर आणि प्राजक्ता नावाची आमची टूर लीडर असे अलास्कातल्या एका लॉजवर येऊन पोचलो. एका बाजूला जंगल, दुसऱ्या बाजूला समुद्राची खाडी. रस्ता नाही, दुकान नाही, मोबाईलला रेंज नाही. बोटीनं यायचं, बोटीनं जायचं. सकाळी पाण्यावर धुकं पसरलेलं असायचं आणि त्यातून समोरचे डोंगर एकेक करून वर यायचे, जणू त्यांनाही उठायचा कंटाळा आलाय. सुनंदा शाल गुंडाळून पायरीवर बसायची आणि नुसती बघत राहायची. मी शेजारी बसून तिला सगळं समजावून सांगायचो. (ते बघ धुकं. तो बघ डोंगर.) मला बोलल्याशिवाय सौंदर्य पचत नाही, काय करणार!

पाच दिवसांच्या मुक्कामात हिमनदीचा दिवस एकच होता, चौथा. बाकीचे दिवस प्राण्यांचे. पहिल्याच दिवशी तिथल्या गाईडबाईंनी नियम सांगितला, की जंगलातून चालताना मोठ्यानं बोलत चालायचं, म्हणजे अस्वलाला आपली चाहूल लागते आणि ते आपणहून बाजूला होतं. हा नियम ऐकून सगळ्यांनी एकदम माझ्याकडे पाहिलं. तीन तास मी अखंड बोललो. बिबवेवाडीतलं पार्किंग, शाळा उघडताना वह्यांची होणारी टंचाई, माझा गुडघा, सगळं बोललो. अस्वल सोडा, चिमणीसुद्धा फिरकली नाही!

दुसऱ्या दिवशी मात्र लाकडी मचाणावरून अस्वल बघायचं होतं, आणि तिथे नियम बरोबर उलटा, अजिबात आवाज नको. दीड तास आम्ही श्वास रोखून बसलो. शेवटी एक भलंमोठं तपकिरी अस्वल डुलत डुलत ओढ्यात उतरलं. आता तुम्हीच सांगा, आयुष्यात पहिल्यांदा अस्वल दिसल्यावर माणूस गप्प कसा बसेल?

"अगं सुनंदा, ते बघ अस्वल!"

अस्वलानंही बघितलं. आणि वळून चालतं झालं.

"चला, दर्शन झालं," आमच्या पुढे बसलेले दातार म्हणाले. "पाठमोरं का होईना."

या दातारांबद्दल सांगायला हवं, कारण पुढचं रामायण त्यांच्यामुळेच घडलं. (सुनंदाच्या मते माझ्यामुळे.) दातार पतिपत्नी शनिवार पेठेतले. माणसं अत्यंत सभ्य, पण कुठेही बसायचं म्हटलं की ती आधीच पुढच्या रांगेत बसलेली असायची. विमानतळावरच्या बसमध्ये पुढे, बोटीत पुढे, मचाणावरही पुढे! तीन दिवस सुनंदानं अलास्का दातारांच्या कानटोपीच्या बाजूनं पाहिला. तिसऱ्या संध्याकाळी मी त्यांना सहज म्हणालो, "उद्या हिमनदीला आम्हाला बसू द्या की जरा पुढे."

"अवश्य बसा," दातार म्हणाले. "आमच्या आधी या आणि बसा."

हे मला लागलं. अहो, ज्या माणसानं स्वारगेटला, ऐन मे महिन्यात, फलाटाला न लागलेल्या एसटीच्या खिडकीतून रुमाल टाकून सहा-सहा जागा धरल्या आहेत, त्याला हे ऐकवायचं? मी सुनंदाला सांगितलं, "उद्या तुझ्या आणि हिमनदीच्या मध्ये कोणाचंही डोकं येणार नाही. माझा शब्द आहे!"

बोट सात वाजता सुटणार होती. मी पाचला धक्क्यावर हजर झालो. (तिथे उन्हाळ्यात पाचला लख्ख उजेड असतो.) धुक्यात दोन बोटी उभ्या होत्या. एक लहान आणि जुनाट, दुसरी चांगली लांबरुंद, पुढे भरपूर मोकळी जागा असलेली. हिमनदीची कोणती, हे सांगायला कोणाची गरज होती? मी लांबरुंद बोटीत चढलो आणि पुढच्या बाकावर क्रमानं रुमाल, टोपी, पाण्याची बाटली आणि सुनंदाची शाल पसरली. माणसं दोन, जागा चार. असू दे, हातपाय पसरायला होतात.

मग वाटलं, परक्या देशात रुमालाचा अर्थ कोणाला कळला नाही तर? उचलून फेकून देतील! म्हणून मी धावत जाऊन सुनंदाला उठवलं आणि साडेपाचला तिला प्रत्यक्ष जागेवर नेऊन बसवलं.

"अहो, अजून दीड तास आहे."

"दातार यायच्या आत बसायलाच हवं. आणि व्यवस्था तरी बघ! पाठीला टेकायला गादीसुद्धा ठेवलीय." आमच्या मागे ताडपत्रीखाली खरोखरच काहीतरी मऊ मऊ, गठ्ठ्यागठ्ठ्यांनी रचलेलं होतं.

सहाच्या सुमारास छातीपर्यंत दाढी असलेला एक नाखवा आला. त्यानं आमच्याकडे बघितलं, इंग्रजीत विचारलं, "येताय तुम्ही दोघं?" मी म्हटलं, "येस, येस! टू!" त्यानं मान हलवली, दोर सोडला आणि इंजिन सुरू केलं.

"अहो, बाकीचे दहा जण?" सुनंदा म्हणाली.

"पुढच्या धक्क्यावरून घेणार असतील. बघ, फक्त आपण दोघं! वेळेचं महत्त्वच नाही लोकांना!" खरं सांगतो, त्या क्षणी मला दातारांची कीव आली.

पाणी काचेसारखं होतं. बोट धुक्यातून जात होती आणि मागे एक लांबलचक रेघ उमटत होती. मी बोलत होतो, सुनंदा मात्र वर बघत होती. धुक्याआड सूर्य फिकट दिसत होता.

"अहो," ती शांतपणे म्हणाली, "हिमनदी उत्तरेला आहे."

"असेल की."

"सकाळची वेळ आहे आणि सूर्य डावीकडे आहे. म्हणजे आपण दक्षिणेला चाललोय."

"तू इथेही भूगोल काढू नकोस. बोट वळेल!"

बोट वळली नाही. अर्ध्या तासानं वाऱ्यानं ताडपत्री उडाली आणि आमची गादी उघडी पडली. चादरी! लॉजवरच्या वापरलेल्या चादरी, टॉवेल आणि उशांचे अभ्रे, पांढऱ्या पिशव्यांत भरून. आम्ही धुण्याच्या बोटीत बसलो होतो. ही बोट आठवड्यातून एकदा मळके कपडे घेऊन गावात जात होती आणि धुतलेले घेऊन परत येत होती. लॉजवरचं कोणी ना कोणी कामानिमित्त तिच्यातून जायचं. नाखव्याला वाटलं, आम्हालाही गावात काम असेल.

मी हातवारे करून, विनवण्या करून सांगितलं, "मागे वळवा! ग्लेशियर! माय वाईफ! ग्लेशियर!" तो माणूस भला होता. त्यानं समजावून सांगितलं, की ओहोटी लागली आहे, मागच्या अरुंद खाडीत आता पाणी नसेल. परतायचं ते भरती आल्यावर, दुपारी. त्यानं वायरलेसवरून लॉजला आमची खबर मात्र दिली. पलीकडून प्राजक्ताचा आवाज आला, "काका, तुम्ही कुठे आहात? आम्ही सगळे बोटीत बसलोय! थांबू का?" थांबून उपयोग नव्हता. मी म्हटलं, "जा तुम्ही." पुढच्या बाकावर दातार बसले असणार, हे विचारायची गरजच नव्हती.

सुनंदा ओरडली असती तर बरं झालं असतं. ती एवढंच म्हणाली, "मला मागे बसूनही चाललं असतं हो." आणि चादरींच्या पिशवीला टेकून तिनं डोळे मिटले. मी गप्प बसलो. मला अतिशय वाईट वाटत होतं आणि ते कसं बोलायचं हेच मला सुचत नव्हतं. मचाण सोडलं तर एवढा वेळ मी यापूर्वी गप्प बसलो होतो तो दाढ काढली तेव्हा.

नाखव्यानं अचानक इंजिन बंद केलं आणि बोटानं दाखवलं. धुक्यात कुठेतरी, अगदी जवळ, कोणीतरी मोठा निःश्वास टाकला. मग काळीभोर पाठ पाण्यातून वर आली, सावकाश वळली आणि आत गेली. दुसरी आली. व्हेल! एक मोठी, एक तिचं पिल्लू. माझ्या तोंडातून शब्द निघणारच होता, तेवढ्यात सुनंदानं माझ्या तोंडावर हात ठेवला. दहा मिनिटं आम्ही तसेच बसलो. त्या पांढऱ्या धुक्यात, पांढऱ्या गठ्ठ्यांमध्ये, सगळं स्वप्नात चालल्यासारखं वाटत होतं. तिच्या डोळ्यांत पाणी आलं होतं, ते व्हेलमुळे की माझ्यामुळे, हे विचारायचं धाडस मला झालं नाही.

गावात पोचल्यावर मी प्रायश्चित्त म्हणून सगळ्या पिशव्या वाहून नेल्या. संध्याकाळी धुतलेल्या चादरींसह परतलो तेव्हा आमची मंडळी धक्क्यावरच उभी होती. हिमनदी बघून सगळ्यांचे चेहरे उजळले होते.

"आमच्या आधी निघालात म्हणे," दातार म्हणाले. "आम्ही म्हटलं, एवढी घाई आहे तर गाठतीलच."

मी चादरींची एक पिशवी उचलली. पण दातारवहिनींनी सुनंदाचा हात धरला आणि प्राजक्ताला म्हणाल्या, "यांच्यासाठी काहीतरी कर गं." प्राजक्ता तासभर लॉजच्या ऑफिसात बोलत बसली आणि धावत आली. "काकू, उद्या सकाळी लॉजवरच्या दुसऱ्या पाहुण्यांची एक छोटी बोट जातेय. आपण निघायच्या आत परत येईल. पण जागा एकच आहे."

सुनंदानं माझ्याकडे बघितलं. "मग तुम्ही?"

"मला काय करायचाय बर्फ? घरी फ्रीज आहे!" मी म्हणालो. खोटं बोललो. मलाही बघायची होती, चांगली डोळे भरून बघायची होती. पण त्या दिवशी जागा मागायला मला तोंड नव्हतं.

दुसऱ्या दिवशी ती गेली. आणि मी बॅगा भरून पाच तास धक्क्यावर बसून राहिलो. जवळच एक पाणमांजर उताणं तरंगत होतं. मी त्याला दोन गोष्टी सांगितल्या. ते कूस बदलून पलीकडे गेलं.

दुपारी बोट परत आली. सुनंदा उतरली ती जमिनीवर पाय टेकत नसल्यासारखी. गाल थंडीनं लाल झाले होते, केस विस्कटले होते, आणि नजर अजून तिकडेच होती. ती येऊन बॅगेवर टेकली. शेवटी मला राहवेना.

"सांग की! कशी होती?"

"निळी," ती म्हणाली. "खडूपेक्षा कितीतरी निळी. आणि अहो, शांतता! बोट बंद करून आम्ही तासभर थांबलो होतो, कोणी एक शब्द बोललं नाही. लग्नाला बत्तीस वर्षं झाली, असा तास मला पहिल्यांदा मिळाला."

"म्हणजे मी आलो नाही ते बरंच झालं."

"तसं नाही हो." ती हसली. तिनं माझा हात हातात घेतला. "मध्येच हिमनदीचा एक कडा सुटला. चांगला पाच-सहा मजल्यांएवढा. आधी आवाजच नाही, नुसता निळा बर्फ सरकत खाली आला. आणि मग जो काही गडगडाट झाला! सगळे पुढे बघत होते, आणि मी एकटीच मागे वळून बघितलं."

"मागे? मागे कशाला?"

"मला वाटलं, तुम्ही आलात."