मडमबाईंची पाटी

पाटी जमिनीवर ठेवायची, दोन पावलं मागे सरायचं आणि म्हणायचं, "घे बाळे, मी दूर उभी आहे." आमच्या मडमबाईंचं हे रोजचंच. त्यांना शिवलेल्या मुलीला घरी गेल्यावर आंघोळ घालतात, हे त्यांना कुणीतरी सांगितलं होतं. तेव्हापासून एवढी उंच बाई आमच्यापुढे अंग चोरून वावरायची.

तुम्ही ठाण्यात मडमा पाहिल्या असतील, पण त्या विलायतेच्या, साहेबांच्या. आमच्या अमेरिकेच्या. डोक्यावर टोपलीएवढी टोपी, पायात मळके बूट. मराठी एका शास्त्रीबुवांकडून शिकलेल्या. कोपरीच्या वाटेवर कोळणीला विचारत, "हे मत्स्य केवढ्यास?" ती हसून म्हणे, "काय गो मडम, पूजा सांगतेस का मला?" बाई हसत, पण बोलत तशाच.

माझ्या घरी सत्ता आत्याची. लहानपणीच विधवा झालेली, जिभेला धार. मी शाळेतून आले की मला आंघोळ, आणि पाटीलाही आंघोळ. बाईंनी घालून दिलेला कित्ता कळशीभर पाण्यात वाहून जायचा. मग काय करणार? शाळेतून घरी येईपर्यंत मी तो पाठ करायची आणि धुतलेल्या पाटीवर पुन्हा काढायची. बाईंना हे कळलं तेव्हा त्या म्हणाल्या, "तुझी आत्या माझ्याहून उत्तम शिकवते."

घंटा झाली की शाळा त्यांच्या देवाच्या प्रार्थनेनं सुरू व्हायची. आम्ही कोपऱ्यात गप्प बसायचो. पण कल्याणात एका चांगल्या घरातला मुलगा बाटल्याची बातमी आली आणि मुली पटापट गळाल्या. आत्या माझा हात धरून शाळेच्या उंबऱ्याशी उभी राहिली.

"मडम, आमची पोर तुमचा देव शिकायला येत नाही. उद्यापासून यायचीच नाही."

बाई उठल्या नाहीत. तिथूनच म्हणाल्या, "आमच्या गावात आधी प्रार्थनेचं घर बांधलं, आणि लगेच शाळा. देवाचं पुस्तक ज्याचं त्यानं वाचावं म्हणून."

"मुलींनीसुद्धा?" आत्यानं विचारलं.

"मुलींनीसुद्धा. आमचे पूर्वज आपल्या धर्मासाठी समुद्र ओलांडून आले होते. पुढे आयर्लंडातून दुष्काळानं पळालेली माणसं आली. देव तोच, पंथ निराळा. त्यांची नोरा माझ्या शेजारी बसे. आमच्या पंथाचं पुस्तक वाचायला ती नाही म्हणाली. मास्तरांनी तिला बाहेर काढलं. ती गिरणीत कामाला लागली. तिचं अक्षर माझ्याहून चांगलं होतं."

मग बाई उठल्या, घंटा उचलून खिडकीत ठेवली. "उद्यापासून प्रार्थना घंटेच्या आधी. ज्यांना यायचं ते येतील. घंटेनंतर फक्त अक्षरं."

हळूहळू मुली परत आल्या. मीही. आत्या रोज मला सोडायला यायची आणि उंबऱ्याबाहेर बसून राहायची. पहारा करते म्हणायची. करू दे म्हटलं.

मग मुंबईहून थोरले पाद्री आले. आमच्यासमोर, आम्हाला कळावं म्हणून मराठीतच बोलले, "याचसाठी का तुम्ही एवढा समुद्र ओलांडलात?"

"याचसाठी," बाई म्हणाल्या. "वाचता आलं की काय वाचायचं ते यांचं या ठरवतील."

"मग घंटा पुन्हा पहिल्यासारखी होऊ द्या. नाहीतर शाळा बंद."

बाईंनी खिडकीतली घंटा तशीच राहू दिली.

त्यांना परत बोलावणं आलं. शेवटच्या दिवशी त्यांनी सगळ्या पाट्या भिंतीशी ओळीनं मांडल्या, प्रत्येकीवर आपल्या हातानं काहीतरी लिहिलं, आणि या वेळी थेट अंगणात जाऊन उभ्या राहिल्या. "घ्या बाळांनो, मी दूर उभी आहे."

आम्ही रडत रडत पाट्या उचलल्या. एक उरली, आमच्यातल्या कुणाचीच नसलेली. आत्या उंबरा ओलांडून आत आली, कधी नव्हे ती, आणि उरलेली पाटी तिनं काखेत मारली. बाईंनी पाहिलं.

घरी आल्यावर आत्या सरळ विहिरीवर. कळशी भरली, पाटी दगडावर ठेवली, कळशी वाकडी केली आणि पाणी पडायच्या आत तशीच धरून राहिली.

"अगं ए, इकडे ये. तिच्या देवाचं नाव तर नाही ना लिहिलं?"

मी वाकून पाहिलं. "नाही आत्या. नुसती मुळाक्षरं आहेत."

"नक्की?"

"नक्की."

आत्यानं कळशी खाली ठेवली. पदराला हात पुसले, पाटी उचलून मांडीवर घेतली.

"यातलं पहिलं कुठलं?"