आत्याचा रायभोग

आमची आत्या भुकेल्या माणसाला बियाण्याच्या कणगीजवळ फिरकू देत नसे, मग तो पाहुणा असो की सख्खा भाचा. "आदी जेव, मग आत ये," म्हणायची. भुकेल्याची नजर बियाण्याला लागते, असं तिचं ठाम मत. आम्ही हसायचो आणि मुकाट्याने जेवून घ्यायचो.

घोडेगावहून येणारी एसटी जिथे संपते, तिथून वर आमचं गाव. धबधबे आणि धुकं बघायला शहरातले लोक येऊ लागले, तशी आम्ही भाताची खाचरं सपाट करून तंबू ठोकले. पाहुण्यांना आमचा रायभोग तांदूळ फार आवडे. कौतुकाने आम्ही इतके फुगलो, की राखून ठेवलेलं बियाण्याचं भातही भरडून त्यांना वाढलं.

आत्या मात्र आपलं एक खाचर लावतच राहिली. पाहुण्यांचा तिला राग नव्हता. त्यांना पिठलं-भाकरी करून घालायची, हंगामात हिरडा गोळा करायची, शेळ्या राखायची. "एवढे कष्ट कशाला? तूही तंबू लाव," मी म्हणालो, तर म्हणाली, "पावणं येतील, न येतील. पोटानं त्यांची वाट किती बगायची?"

मग एका पावसाळ्यात धबधब्यावर अपघात झाला आणि बंदी आली. ऐन हंगामात तंबू ओस पडले. पुढच्या साली पुन्हा भात लावायचं ठरलं, तर आसपास कुणाकडे बियाणं नाही. सगळे आत्याच्या दारात. तिने टोमणासुद्धा मारला नाही. "राब भाजायच्या टायमाला या. समद्यांना वंजळ वंजळ दीन. पिकल्यावर दुप्पट आणून घालायचं, रीतच हाय ती."

पेरणीआधी रोपांची जागा पालापाचोळा जाळून भाजतात, त्या राबाच्या आधीच, शिमग्याच्या सुमाराला आत्या गेली.

मुलगा आणि सून आळेफाट्याला हॉटेलात कामाला. सुनेने तेरावं जीव ओतून केलं. भाताचा वास पार पाणवठ्यापर्यंत गेला. आम्ही मागून मागून घेतला. हात धुताना मी विचारलं, "तांदूळ कुठला गं?"

"आत्याबाईंचाच, भावजी. कणगीतलं समदं गिरणीत भरडून आणलं. त्यांच्या तेराव्याला दुकानचा तांदूळ कसा घालायचा?"

ते बियाणं आहे, हे तिला कुणी सांगितलंच नव्हतं. अंगणात कुणी कुणाकडे बघेना. मला रडू फुटलं, आणि तोंडात अजून तीच चव होती.

आता बंदी उठली आहे. तंबू पुन्हा लागलेत, दुसरं करायला काही उरलंच नाही. धुकं उतरलं की कुठूनतरी रायभोगाचा वास येतो. आपलं मनच आपल्याला खातंय, अशी मी स्वतःची समजूत घालत होतो. परवा तंबूतून एक पाहुणी बाई बाहेर आली आणि म्हणाली, "दादा, कसला भात शिजतोय? काय सुंदर वास आहे." माझी चूल तेव्हा पेटलेलीही नव्हती.