कॉम्प्युटरचा हिवताप उतरवणारे व्याही

आमच्या व्याह्यांइतका संशयी माणूस साऱ्या खानदेशात दुसरा झाला नसेल, आणि ज्याचे संशय इतक्या वेळा खरे निघाले असा तर नक्कीच नाही. माणसांवर ते कधी संशय घेत नसत. त्यांचा सगळा संशय साठलेल्या पाण्यावर. उभा जन्म हिवताप खात्यात काढलेला. खाकी कपडे, सायकल, मागे फवाऱ्याचा पंप, खांद्याच्या पिशवीत काचपट्ट्या आणि सुया. चोपड्यापासून सातपुड्याच्या पायथ्यापर्यंत एक घर सोडलं नव्हतं. दारात उभं राहून एकच प्रश्न, "कोनले ताप शे का?" कोणी हो म्हटलं की बोट धरायचं, टोचायचं, रक्ताचा थेंब काचेवर घ्यायचा, गोळ्या समोर गिळायला लावायच्या आणि जाताना गेरूने भिंतीवर तारीख घालायची. निवृत्त झाले तेव्हा खात्याने पंप परत घेतला. सवयी कोण परत घेणार?

त्यांच्या मुलीचं आणि माझ्या मुलाचं लग्न लागलं त्या दिवशी मुलीचा बाप मांडवात कुठे दिसेना. भटजी हाका मारून थकले. मी मुलाची आई, मला वाटलं मानपानावरून रुसले. शोधायला माणूस पाठवला, तर हे मांडवामागे पाण्याच्या पिंपात डोकं घालून उभे. "अळ्या शेत," म्हणाले, आणि सगळी पिंपं जमिनीवर उपडी केली. पंगत दीड तास खोळंबली. माझे दीर संतापले, "व्याहीबुवा, लग्न आहे का फवारणी?" ते शांतपणे म्हणाले, "फवारणी नही लागाव. पानी बदली टाका, बस." त्या दिवशी मी मनाशी म्हटलं, आपल्या घरात आता एक वेडा पाहुणा कायमचा आला.

चोपड्याहून आमच्याकडे जळगावला आले की चपला काढायच्या आधी माठात बघत. मग कुंड्यांखालच्या ताटल्या, मग गच्चीवरचं जुनं टायर. चहा त्यानंतर. जाताना आमच्या दाराच्या चौकटीवर खडूने तारीख घालत. मी दर वेळी पुसायची, ते दर वेळी घालायचे. मुलीच्या सासरी फार राहू नये असं त्यांना वाटे, म्हणून सकाळच्या गाडीने यायचे आणि संध्याकाळच्या गाडीने जायचे. फक्त एकदा सलग चार दिवस राहिले. तीच गोष्ट सांगायची आहे.

नव्वद सालानंतरची गोष्ट. माझी सून रेखा एका मुलीची आई झाली आणि मग तिने कॉम्प्युटरचा डिप्लोमा धरला. पहिल्या वर्षी परीक्षेच्या वेळी धाकटीचं बाळंतपण आलं, दुसऱ्या वर्षी धाकटीला गोवर निघाला. मी स्पष्ट सांगितलं होतं, दोन लेकरांच्या बाईला परीक्षा कशाला. बोलले ते बोलले, आता नाकारत नाही. ती ऐकली नाही. मुलाने घरी कॉम्प्युटर आणला. रेखाने त्यावर ग्रंथालयाचा कारभार चालवायचा प्रोग्रॅम बनवला. कोणी पुस्तक नेलं, कोणी परत दिलं नाही, सगळं तो सांगे. तो फ्लॉपीवर घालून सोमवारी धुळ्याला केंद्रावर दाखवायचा होता. केंद्राची सूचना आली होती की फ्लॉपीत व्हायरस सापडला तर ती घेणार नाहीत. घेतली नाही म्हणजे तिसरं वर्षही गेलं. चौथ्यांदा बसेन असं तिच्या तोंडून येणार नव्हतं, हे मला दिसत होतं.

आणि नेमका त्याच महिन्यात पडद्यावर एक पांढरा ठिपका उड्या मारायला लागला. या कडेवर आपटायचा, त्या कडेवर जायचा. तेवढंच असतं तर मी म्हटलं असतं, मुली रमतात, राहू द्या. पण रोज एखादी फाइल नाहीशी होई, आणि नवी फ्लॉपी आत घातली की तीही बिघडे. रेखाच्या क्लासचे सर दोनदा आले. गळ्यात टाय, हातात ब्रीफकेस. आपली औषधाची फ्लॉपी घालायचे, खटखट करायचे, "झालं क्लीन" म्हणायचे. तीन दिवसांनी ठिपका परत हजर. गुरुवारी तो तिसऱ्यांदा उगवला आणि रेखा भाकरी थापता थापता रडायला लागली. मी म्हटलं, "रड, पण भाकरी जाळू नको." दुसरं काय म्हणणार?

शुक्रवारी व्याही आले. माठ बघितला, टायर बघितलं, मग मुलीचं तोंड बघितलं. तिने सगळं सांगितलं. ठिपका नेमका समोरच नाचत होता. व्याह्यांनी दोन्ही हात उचलून काचेवर फटकन टाळी मारली. मी ओरडले, "अहो, काच फुटेल!" ते खुर्ची ओढून बसले. ठिपका किती वाजता येतो, येण्याआधी मशीन मंद होतं का, औषधाने किती दिवस उतरतो, विचारून विचारून त्यांनी वहीत लिहून घेतलं. शेवटी म्हणाले, "उतरस अन् परत चढस. हाऊ हिवतापच शे, रेखा." रेखा रडत होती ती हसली. मला मात्र वाटलं, आता हे कॉम्प्युटरला गोळ्या देणार.

शनिवारी सकाळी माझ्या मुलाची सायकल घेऊन ते निघाले. सर आणखी कोणाकोणाकडे जातात ते रेखाकडून लिहून घेतलं होतं. पाच घरं होती. प्रत्येक दारात उभे राहून विचारत, "घरात कॉम्प्युटर शे का? ठिपका दिसस का?" एका बाईंनी त्यांना ज्योतिषी समजून हात पुढे केला. यांनी लगेच बोट धरलं, सवयीने. दुपारी परत आले ते उन्हाने लाल झालेले, पण डोळे असे चमकत होते की मला भीती वाटली. वही उघडून रेखापुढे धरली. पाचही घरांत ठिपका होता. पाचही घरांत तो सर येऊन गेल्यावर तीन दिवसांच्या आत आला होता.

"सर फ्लॉपी घालतस, मंग काय करतस?" त्यांनी विचारलं.

"साफ करतात. मग मशीन बंद करून परत चालू करतात."

"मधी फ्लॉपी काढतस का?"

"नाही, आतच असते."

"अन् मंग तीच फ्लॉपी दुसरा घरमा?"

"हो, तीच..." म्हणता म्हणता रेखा थांबली. बाप उठून उभा राहिला. "सुई!" एवढ्या मोठ्याने ओरडले की धाकटी दचकून माझ्याकडे पळत आली. "तो सुई उकाळत नही!"

मग दोघांना बोलायला तोंडं पुरेनात. रेखाने मला समजावलं ते असं. कॉम्प्युटर सुरू होताना एक पहिलं पान वाचतो, रोग त्या पानावर बसलेला. मशीन चालू आहे तोवर तो त्याच्या डोक्यातही असतो, आणि आत येणाऱ्या प्रत्येक फ्लॉपीच्या पहिल्या पानावर उतरतो. सरांच्या औषधाच्या फ्लॉपीवरही उतरला होता. सर मशीन साफ करत आणि त्याच फ्लॉपीवरून सुरू करून रोग पुन्हा आत सोडत. फ्लॉपीच्या कोपऱ्यात एक बारीक खिडकी असते. ती उघडी ठेवली की तिच्यावर काही लिहिलं जात नाही. सरांनी ती कधी उघडली नव्हती. आता उपाय एकच होता, निरोगी मशीनवर नवी फ्लॉपी तयार करायची, खिडकी उघडायची, आपलं मशीन पूर्ण बंद करून तिच्यावरून उठवायचं आणि ते पहिलं पान नव्याने लिहायचं.

पण निरोगी मशीन आणायचं कुठून? साऱ्या ओळखीच्या घरांत ताप पसरलेला. व्याही म्हणाले, "जिथे कोनी जात नही, तिथे ताप नसतो." फैजपूरला एक केळीचे बागायतदार त्यांच्या ओळखीचे होते. कधीकाळी त्यांच्या घरच्या सगळ्यांना यांनी टोचलं होतं. त्यांनी हौसेने कॉम्प्युटर घेतला होता. दसऱ्याला त्याला हळदकुंकू आणि झेंडूची माळ, एरवी प्लॅस्टिकचं कव्हर. आत अजून कोणी काही घातलं नव्हतं.

रविवारी पहिल्या गाडीने बापलेक फैजपूरला गेले. निघताना व्याही मला म्हणाले, "विहीणबाई, देव जरी उना तरी फ्लॉपी आत घालू देवानी नही." देव आला नाही, सर आले. मी मशीनसमोर पाट टाकून मेथी निवडत बसले होते.

"आजी, पाच मिनिटांचं काम आहे. क्लीन करून जातो."

"सुई उकळली का?"

"कसली सुई?"

"ती काय, खिशात आहे ती काळी चपटी."

"आजी, मी कॉम्प्युटरचा डॉक्टर आहे."

"मग बसा. दुसरा डॉक्टर फैजपूरला गेलाय, येईल दुपारी."

बसले बिचारे. मी त्यांना मेथी निवडायला दिली. निवडलीही चांगली.

दोन वाजता ही दोघं आली. रेखाने मशीन बंद केलं, वायरही काढली, नवी फ्लॉपी घालून सुरू केलं आणि एक ओळ टाइप केली. मी म्हटलं, एवढंच? एवढंच होतं. मग तिने सरांची फ्लॉपी मागितली, तिचं पहिलं पान पडद्यावर उघडलं आणि बोट ठेवलं. रोग तिथे होता. सरांचं तोंड पांढरं पडलं. मला वाटलं व्याही आता सरांना सोलणार. त्यांनी सरांच्या खांद्यावर हात ठेवला आणि हळूच म्हणाले, "मी बी एकदाव घाईमा सुई न उकाळता टोचेल शे. आजपर्यंत कोनले सांगेल नही." त्यांची मुलगी त्यांच्याकडे बघतच राहिली. मीही. मग सगळ्यांनी मिळून घरातल्या एकूणएक फ्लॉप्या साफ केल्या. व्याही प्रत्येकीवर तारीख घालत होते. संध्याकाळपर्यंत आम्ही पडद्याकडे बघत बसलो, ठिपका आला नाही. मुली मात्र हिरमुसल्या.

सोमवारी रेखाबरोबर व्याहीही धुळ्याला गेले. केंद्रावर परीक्षकांनी फ्लॉपी मागितली तर म्हणाले, "आधी तुमचं मशीन तपासेल शे का?" रेखा लाजेने अर्धी झाली. परीक्षक हसले, त्यांनी मशीन तपासून दाखवलं, मग फ्लॉपी घेतली. स्वच्छ निघाली. रेखा पास झाली, चांगल्या मार्कांनी. व्याह्यांनी पेढे आणले ते आधी सरांना दिले, मग मला.

वर्षभरात तिला भुसावळला नोकरी लागली. मुलानेही तिकडेच बदली मागून घेतली. कॉम्प्युटर गोधडीत गुंडाळून टेम्पोतून गेला, मुली गेल्या, घर मोकळं झालं. चोपड्याहून भुसावळला यावलवरून गाडी जाते. जळगाव वाटेत लागत नाही. व्याह्यांना मुलीला भेटायला माझ्या दारावरून जायची गरज उरली नाही. त्यांची दोन पोस्टकार्डं आली. दोन्हींत विचारलं होतं, पाणी झाकता ना, ताप वगैरे नाही ना. मी म्हटलं, यात उत्तर काय द्यायचं? दिलं नाही. मागच्या साली ते गेले. आता वाटतं, एकदा येऊन जा, एवढंच लिहायचं होतं. चौथीपर्यंत शिकले होते, तेवढं लिहिता येत होतं मला.