तुषारच्या लायब्ररीतला ट्रक

आज दुपारी माझ्या मोबाईलवर नोटिफिकेशन आलं: तुषार ऑनलाइन आहे.

तुषारला जाऊन आज वर्ष झालं.

घाबरू नका. त्याचा पीसी मीच चालू केला होता, त्यावरचं गेमचं ॲप आपोआप सुरू झालं. तरी दोन मिनिटं मोबाईल उलटा करून ठेवावा लागला.

दोस्ताच्या वर्षश्राद्धासाठी सकाळी अकोल्याहून बडनेऱ्याला उतरलो. (सध्या अकोल्यात आहे, मंडप डेकोरेशनवाल्याकडे. त्याआधी सुरत, त्याआधी नाशिक. ते सोडा.)

तुषारचे बाबा, म्हणजे काका, फोटोसाठी हार ओवत बसले होते. त्यांचा धंदाच तो. मळ्यातली फुलं आणायची, चौकात उभं राहून हार विकायचे. डोळे मिटून ओवणारा माणूस. आज शेवंती सुईत धड जात नव्हती.

जेवणं झाली, पाहुणे गेले. मग काका हळूच जवळ आले.

"पप्या, तुले कम्प्युटरमधलं समजते ना? एक गेम पायजो बरं. म्या घेतला व्हता."

काका आणि गेम! या माणसाला मोबाईलमध्ये फक्त फुलांचा भाव पाहता येतो.

मागच्या वर्षी दसऱ्याला झेंडू चांगला गेला होता. काकांनी तुषारसाठी गुपचूप गेम घेतला. ट्रक चालवायचा. तुषार जेवताना पण त्याचेच व्हिडिओ पाहायचा. तो आंघोळीला गेला तेव्हा काकांनी स्क्रीनचा फोटो काढला आणि चौकातल्या मोबाईलवाल्याला दाखवला.

"हा घेऊन दे म्हटलं. पोट्ट्याले सांगत नाही. सोता पाहीन अन् उडी मारन."

तुषारनं उडी मारली नाही.

काका वाट पाहत राहिले. आज बोलेल, उद्या बोलेल. तो काहीच बोलला नाही.

मग दिवाळीच्या आधी ताप आला. दवाखान्यात गेला, तो चालत परत आला नाही.

"त्याले आवडला नसन," काका म्हणाले. "बापानं घेतला, चुकीचा घेतला असन. मले वाईट वाटू नये म्हणून चूप राहिला. वर्ष झालं, हेच डोक्यात चालून राहिलं. तू पाय ना, एकडाव तरी खेलला काय थो?"

पीसीवर काकूंनी विणलेला रुमाल टाकून ठेवला होता. तो काढला. पासवर्ड मागितलाच नाही, तुषार कधी लॉगआऊट करायचाच नाही.

लायब्ररी, म्हणजे त्याच्या गेमची यादी, उघडली. क्रिकेट, फुटबॉल, गोळीबार.

ट्रक नाही.

फिल्टर काढून पाहिला. लपवलेल्या गेमची लिस्ट पाहिली. रिस्टार्ट केला. खरेदीची हिस्ट्री पाहिली.

नाही, नाही, नाही.

"पैसे तं कटले व्हते रे," काका.

मी गेमवाल्यांच्या नावानं शिव्या सुरू करणार, तेवढ्यात तुषारच आठवला.

सुरतेत माझा फुटबॉलचा गेम असाच गायब झाला होता. (ती रूम! पंखा कमी, आवाज जास्त. असो.) मी तुषारला फोन लावून गेमवाल्यांच्या सात पिढ्या काढल्या. त्यानं सगळं ऐकून घेतलं.

"झालं बोलून?"

"झालं."

"आता पाय, अकाउंट कोणाचं आहे?"

रूममेटचं होतं.

"अबे बैला, दुसऱ्याच्या घरात घुसून आपली चप्पल शोधून राहिला काय!"

किती हसला होता लेकाचा.

"काका, तुमचा मोबाईल द्या."

मोबाईलवाल्यानं काकांच्याच ईमेलवर नवीन अकाउंट काढलं होतं. खरेदीचा मेल तिथंच पडून, न उघडलेला. काकांच्या लायब्ररीत एकच गेम.

ट्रक. खेळलेला वेळ: शून्य.

परत तुषारच्या पीसीवर आलो. त्याची विशलिस्ट उघडली. घ्यायचे गेम तिथं टाकून ठेवतात, आणि घेतला की तो आपोआप निघून जातो.

सगळ्यात वर तोच ट्रक होता. अजून.

मला तर तो बोललाही होता. "दिवाळीच्या सेलमधी घेतो. बाबा उन्हात उभे राहून हार इकून राहिले, अन् म्या त्यायले ट्रक मागू काय?"

काकांना सगळं सांगितलं.

"म्हंजे आवडला नाही, असं नाही."

"नाही काका. त्याले मिळालाच नाही."

दोन्हीतलं जास्त वाईट कोणतं, मला अजून समजलं नाही.

काकू दारात उभ्या होत्या. "पण तुमी देल्ला तं व्हता ना," म्हणाल्या.

काकांनी डोळे पुसले. "आता टाकता येते काय त्याच्या खात्यात?"

घेतलेला गेम दुसऱ्याच्या नावावर करता येत नाही. पण फॅमिली बनवता येते. मग एकाचा गेम घरातल्या सगळ्यांच्या लायब्ररीत दिसतो.

काकांच्या मोबाईलवर फॅमिली बनवली. ॲपनं विचारलं, नवीन मेंबर कोण? ॲडल्ट की चाइल्ड?

मी ॲडल्ट दाबणार होतो.

"चाइल्ड म्हंजे पोरगा ना?" काका म्हणाले. "मंग पोरगा टाक."

पोरगा टाकला.

पीसीवर निमंत्रण आलं. तुषारच्या बाजूनं ॲक्सेप्ट करायचं होतं. मी माऊस काकांकडे सरकवला. ओवून ओवून बोटं पिवळी झालेली. त्यांनी दाबलं.

तुषारच्या लायब्ररीत ट्रक आला.

"आला काय?" काकू.

"आला."

मी डाऊनलोड लावत होतो, काकांनी हात धरला. "राहू दे. त्याचा आहे."

पीसी बंद केला, रुमाल टाकला, निघालो. बडनेऱ्याच्या फलाटावर येईपर्यंत मोबाईल पाहिला नाही. मग पाहिला.

तुषार ऑफलाइन.

तुषार, बाबांनी घेतलेला गेम पोचला रे. बापानं बरोबर तोच घेतला होता.

भावपूर्ण वगैरे मला लिहिता येत नाही.

आरामात चालव, लेका. ये मग.