सासऱ्यांची शहाण्णववरची इनिंग

कसोटी क्रिकेटची अब्रू राखणारा शेवटचा माणूस अंबरनाथ पूर्वेला तिसऱ्या मजल्यावर राहतो आणि तो माझा सासरा आहे. मेहुण्याने कॉलेजात असताना कॉम्प्युटरवर क्रिकेटचा गेम टाकला होता. त्याने तो कधीच सोडला. सासऱ्यांनी रिटायर झाल्यावर धरला, तो आजतागायत. पाच दिवसांची मॅच ते खरोखर पाच दिवस खेळतात. गेममध्ये लंच झाला की उठून जेवतात. बाहेर पाऊस लागला, की पडद्यावर लख्ख ऊन असलं तरी खेळ बंद. ओव्हर चालू असताना मॉनिटरच्या मागून कोणी जायचं नाही, म्हणून सासूबाई आमटीचं पातेलं घेऊन दारातच थांबतात. गेल्या वर्षी मेहुण्याने नवा गेम आणला, त्यात खेळाडूंचा घामसुद्धा दिसतो. दोन ओव्हर खेळून सासरे म्हणाले, "घाम दिसतो रे, पण बॉल कुठं पडणार ते दिसत नाही. काय करायचा तो घाम?" जुन्या गेममध्ये टप्प्याच्या जागी लाल ठिपका उमटतो, तो त्यांना पुरतो.

अशा माणसाशी मी जे वागलो, त्याची मला लाज वाटते. दिवाळीनंतरच्या एका रविवारी मी त्यांच्याकडे गेलो, तेव्हा ते पॅन्ट अल्टर करायला उल्हासनगरला, कॅम्प तीनमध्ये गेले होते. गेममध्ये शहाण्णववर नाबाद. मी म्हटलं, चार रन तर काढायचे आहेत. पहिल्याच बॉलला दांडी गुल. घाबरून दिसेल ते बटण दाबत सुटलो, तर मागचे चौघेही तंबूत परतले. बंद करताना गेमने विचारलं, सेव्ह करू? ऑफिसच्या सवयीने मी हो म्हटलं.

सासरे आले आणि स्कोअरबोर्डकडे बघतच राहिले. मी पेपरात डोकं खुपसून बसलो होतो. त्याआधी मी गेमला कधी हातही लावला नसल्यामुळे माझ्यावर संशय येणं शक्यच नव्हतं. "सकाळी मीच खेळलो असणार," ते हळूच म्हणाले. "मग आठवत कसं नाही?" मी तोंड उघडणार तोच सासूबाईंनी चहा आणला आणि मी चहा प्यायलो.

आठवड्याने ते डॉक्टरकडे जाऊन आले. डॉक्टरांनी ठणठणीत म्हणून सांगितलं, त्यांना ते पटलं नाही. स्कूटरची किल्ली माझ्या हातात देत म्हणाले, "रस्ता विसरलो तर पंचाईत. तुम्हीच वापरा, जावईबापू." मी ती घेतली. आता दर रविवारी त्याच स्कूटरवर बदलापूरहून निघतो आणि चिखलोलीपर्यंत वाक्य घोकतो, 'बाबा, तो मी होतो.' पोचतो तर कॉम्प्युटरपाशी माझ्यासाठी दुसरी खुर्ची मांडलेली असते.

"बसा," ते म्हणतात. "मी काय खेळतो त्यावर लक्ष ठेवा. माझा आता माझ्यावर भरवसा नाही, तुमच्यावर आहे."

मी बसतो.