पूजेच्या गाठोड्यातली तीन वर्षं

२० सप्टेंबर २०२४. रुपये १,००,८००. माझ्या ग्रॅच्युइटीतून एवढी रक्कम कमी होणार, असं पत्र त्या दिवशी टेबलावर आलं. १९९६ ते १९९८ ही तीन वर्षं मी आमच्या पतसंस्थेच्या तंजावूरजवळच्या पापनाशम शाखेत होतो. तिथले हजेरीपट सापडत नव्हते. ३१ ऑक्टोबरपर्यंत ते आले नाहीत, तर ती वर्षं धरली जाणार नव्हती, आणि डिसेंबरअखेर माझी निवृत्ती.

मी पापनाशमला दोन पत्रं पाठवली, प्रती तारखेप्रमाणे लावल्या. बायको, राजलक्ष्मी, रोज विचारायची.

"शोधताहेत म्हणे. पाठवायला त्यांनी हवं. मी काय करणार?"

"तुमच्या बोलण्यात काम करणारा नेहमी दुसराच कुणी असतो," ती म्हणाली. "चौतीस वर्षं ऐकतेय."

नागलक्ष्मी आमच्या तंजावूरच्या कचेरीत जुनं दप्तर सांभाळते. नवरा गेल्यावर रोजंदारीवर आली, त्याला एकोणीस वर्षं झाली. घरी आमच्यासारखीच मराठी बोलते, लिहिते तमिळ. एकदा पावसाचं पाणी शिरून फायली भिजल्या. मॅनेजर ओरडले. पावसाला दोष देणं सोपं होतं. ती म्हणाली, "खालचा खण मी आधीच रिकामा करायला हवा होता. आज करते." संध्याकाळपर्यंत तो खण रिकामा झाला होता.

आयुधपूजेनंतरच्या सोमवारी, १४ ऑक्टोबरला, तिनं मला गाठलं. "गुरुमूर्ती सार, हजेरीपट आले काय?"

"पत्र टाकलंय. बघू."

"पत्र कपाट उघडणार काय, सार? मी उद्या रजा टाकते, जाऊन शोधते. तुम्ही येता, की तिसरं पत्र लिहिता?"

"येतो," मी म्हणालो.

पापनाशमचा कारकून तमिळमध्ये म्हणाला, सगळं पाहून झालंय. खरंच होतं. दोन तास आम्हीही कपाटं उपसली. मग नागलक्ष्मी सरस्वतीच्या तसबिरीपुढे थांबली. तिथे लाल कापडाचं एक गाठोडं होतं, गाठीवर चंदन-कुंकवाचे घट्ट थर. आमच्याकडे आयुधपूजेला, म्हणजे दसऱ्याच्या आदल्या दिवशी, दप्तर देवीपुढे बांधून ठेवतात आणि विजयादशमीला सोडून लिहायला घेतात.

"हे कधी सोडलं?" तिनं विचारलं.

"ते पूजेचं. सोडत नाही कुणी, दरवर्षी तेच ठेवतो."

चालू वह्या अडकू नयेत म्हणून कुणीतरी कधी जुनं दप्तर बांधून ठेवलं असणार. पुढच्या प्रत्येकानं त्यालाच फुलं वाहिली.

"इतकी वर्षं देवीनं तेच तेच वाचायचं?" नागलक्ष्मी म्हणाली. तिनं हात जोडले आणि गाठ सोडली.

आत तिन्ही हजेरीपट होते. पहिल्याच पानावर माझी त्या वेळची लांब शेपटीची सही. मी जवळच्या स्टुलावर बसलो आणि पाणी मागितलं. महिन्याभरात पहिल्यांदा मला भूक लागली होती.

साक्षांकित प्रती १८ तारखेला दाखल झाल्या. पंचवीसला सुधारित पत्र आलं, तिन्ही वर्षं धरलेली.

त्या संध्याकाळी घरी मी म्हणालो, "हजेरीपट शोधून काढले ते कामाला आले."

"कुणी काढले?" राजलक्ष्मीनं विचारलं.

"नागलक्ष्मीनं. मी सोबत होतो."

"म्हणजे निदान गेलात," म्हणत तिनं पान वाढलं.

पापनाशमहून परतताना माझ्याकडे सुटे नव्हते. माझं तिकीट नागलक्ष्मीनं काढलं. तिचे पंचवीस रुपये अजून द्यायचे आहेत.