जन्मतः मुक्या असूनही

आमच्या गावच्या शहाण्यांनी माझ्या आत्याला मुकी करून टाकलं, तेही ती गेल्यावर, तिचं बोलणं ऐकलेली पिढी सरल्यावर. खरं तर ती वडिलांची आत्या, पण आम्ही पोरंही तिला आत्याच म्हणायचो. तरुणपणी तिनं दोन मूकपटांत काम केलं होतं. कुणा अभ्यासकाला एका जुन्या यादीत तिचं नाव सापडलं, आणि ज्या गावानं तिला जन्मभर 'नाटकी' म्हणून हिणवलं त्याच गावाला एकदम तिचा अभिमान दाटून आला. शाळेच्या नव्या रंगमंचाला तिचं नाव द्यायचं ठरलं. कोनशिलेचा मजकूर माझ्या मोबाइलवर आला: 'जन्मतः मुक्या असूनही मूकपट गाजविणाऱ्या आमच्या गावकन्या.'

म्हणजे मूकपट हा मुक्या माणसांचा पिक्चर! एवढी अक्कल पाजळायला पाच जणांची समिती बसली होती, आणि त्यातले दोघं पदवीधर.

दगड दुसऱ्या दिवशी दौंडला कोरायला जायचा होता. त्याआधी ही घाण पुसायला हवी, म्हणून मी शिरूरहून जीप धरून गाव गाठलं. सरपंच बुलेटवर बसूनच माझ्याशी बोलले. खाली उतरले असते तर पद कमी झालं असतं बहुतेक.

मी सांगितलं, आत्या बोलायची. बोलून बोलून समोरच्याला जेरीस आणायची. तिचं काम गेलं तेच मुळी बोलण्यामुळे. बोलपट आले, आवाज ऐकायला साहेबलोक बसले, आणि तिच्या तोंडून 'न्हाई' निघालं तशी सगळी खोली हसली. लगेच तिची घरी पाठवणी झाली. हे मला वडिलांनी सांगितलेलं.

"ताई, आसंल तुमचं खरं," सरपंच म्हणाले. "पण मुकी म्हटलं की लोकांच्या डोळ्याला पानी येतं. बोलत व्हती, यात काय हाय? बरं, तुम्हीच सांगा, पिक्चरबद्दल काय बोलायची ती? दोन वळी द्या, त्याच टाकतो दगडावर."

मला एकही ओळ देता येईना. पुण्यात कॉलेजला गेले त्या वर्षी मी दोन मैत्रिणींना घरी आणलं होतं. आत्या शेंगा फोडत रंगात येऊन सांगायला लागली, "तवा मला क्यामेरा कुठं हाय त्येच कळंना..." आणि मी तिला मध्येच तोडून म्हणाले, "आत्या, हाय नाही गं, आहे म्हणावं." मैत्रिणी फिसकन हसल्या. आत्याही हसली आणि पुन्हा शेंगा फोडायला लागली. त्यानंतर ती माझ्याशी जेवलीस का, कधी आलीस, एवढंच बोलली. वीस वर्षं.

सरपंच मोबाइल काढून लिहून घ्यायला थांबले होते.

"राहू द्या," मी म्हणाले. "आहे तेच कोरा."